अमूर्त अॅनिमेशनपटांत नुसते रंग आणि रेघा असतात, त्यात बघायचं काय?

तुम्ही म्हणता, १९४०-५०च्या काळातले असे लघुपट लावले की रेघा आणि ठिपके नाचतात, गोष्ट काही हाती लागत नाही. गोष्ट शोधूच नका. तराणा ऐकताना आपण अर्थ कुठे विचारतो?

सुरुवात 'बिगॉन डल केअर'पासून करा. १९४९चा, जेमतेम आठ मिनिटांचा. कॅनडाच्या नॅशनल फिल्म बोर्डात नॉर्मन मॅक्लॅरन आणि एव्हलिन लॅम्बर्ट यांनी केला. जॅझ संगीत पियानोवादक ऑस्कर पीटरसन आणि साथीदारांचं. रंग थेट ३५ मिमी फिल्मवर लावलेत, चित्रं काढून कॅमेऱ्याने टिपलेली नाहीत. ओल्या रंगावर जाळीदार कापड दाबून वीण उठवलीय, धुळीचे कणसुद्धा मुद्दाम बसू दिलेत. बरीचशी पट्टी फ्रेमच्या, म्हणजे एकेका चित्रचौकटीच्या, सीमा न जुमानता सलग रंगवलीय, त्यामुळे सेकंदाला २४ वेगवेगळी चित्रं डोळ्यांवर येतात. तरीही पियानो उसळला की रंगही उसळतो. कारण संगीत आधी ध्वनिमुद्रित झालं आणि त्याची जागान् जागा मोजून मग रंगकाम झालं.

मधला संथ भाग मात्र दोनदा बघा. सगळा जीव तिथे आहे. रंग जातात आणि काळ्यावर बारीक उभ्या पांढऱ्या रेघा उरतात. मॅक्लॅरनने काळी फिल्म संकलनाच्या मोव्हिओला यंत्रातून पळती ठेवली, संगीत ऐकत चाकूचं टोक तिच्यावर टेकवलं. हात जरा सरकला की रेघ लचकते. तुम्हाला दिसते ती थरथर म्हणजे ऐकणाऱ्या माणसाचा हात! हे एकदा ध्यानात आलं की पुढचं कोणी समजावून सांगावं लागत नाही.

मग लेन लाय या न्यूझीलंडच्या कलाकाराचा 'फ्री रॅडिकल्स' (१९५८) घ्या. काळ्या फिल्मवर नुसते ओरखडे, सोबत आफ्रिकी ढोल. इतक्या कमी साहित्यात इतकी ताकद मी दुसरीकडे पाहिलेली नाही.

आपल्याकडचं हवं असेल तर चित्रकार अकबर पदमसींचा 'सिझिजी' आहे. १९७०च्या सुमाराचा, मुंबईत केलेला. त्याला आवाजच नाही, रेघा आणि आकड्यांची मांडणी पुढे सरकत राहते. तो सगळ्यात शेवटी बघा, थोडी सवय झाल्यावर.

'बिगॉन डल केअर' फिल्म बोर्डाच्या साइटवर मोफत आहे. फोनच्या स्पीकरवर नको, हेडफोन लावा; त्यातल्या डबल बासवर (खर्जातलं मोठं तंतुवाद्य) हलणाऱ्या रेघा नाहीतर निसटतील.