आधी प्रत कोणती, ते लिही

प्रिय विद्यार्थिनीस,
सप्रेम आशीर्वाद.

तू स्कॅनवरून उतरवून पाठवलेली, एकोणिसाव्या शतकातल्या आयरिश भूतकथाकार लेफानूची 'शाल्कन द पेंटर' ही गोष्ट काल रात्री वाचून काढली. काम जीव ओतून केलंयस, हे ओळीओळीत दिसतं. पण मी पहिल्याच पानावर अडले. मजकूर कोणत्या छापील प्रतीवरून घेतलास, ते कुठेच लिहिलेलं नाही. बाकी सगळं नंतर बघू, आधी ते लिही.

तुला वाटेल, गोष्ट तीच ना, मग प्रत कुठली का असेना. तसं नसतं गं. ही गोष्ट १८३९ साली 'डब्लिन युनिव्हर्सिटी मॅगझिन'मध्ये आली. १८५१ च्या संग्रहात घेताना त्याने तिच्यावर पुन्हा हात फिरवला. म्हणजे एकाच गोष्टीचे दोन मजकूर झाले, आणि दोन्ही त्याचेच. सांगितल्याशिवाय वाचणाऱ्याला कसं कळणार, आपण कोणता वाचतोय?

त्याच्या 'अंकल सायलस' या कादंबरीचं उदाहरण तर मला फार जवळचं वाटतं. तिचं बीज त्याच मासिकातल्या १८३८ च्या एका आयरिश काउंटेसच्या गोष्टीत आहे. पुढे लंडनच्या बेंटली या प्रकाशकाने अट घातली की कथा इंग्लंडमधली हवी आणि त्या वेळच्या चालू काळातली हवी. मग १८६४ च्या कादंबरीत तोच वाडा, तोच काका आणि तीच पोरकी मुलगी इंग्लंडमधल्या डर्बीशरला जाऊन पोचली. तीन खंडी कादंबरीची किंमत तेव्हा दीड गिनी, म्हणजे बरीच महाग असे. सामान्य वाचक ती विकत घेत नसे, वर्गणी भरून वाचनालयातून आणत असे. मोठा बाजार लंडनचा, त्यामुळे अटही तिथलीच. छापील पुस्तकात शिल्लक राहतं ते असं वाटाघाटी होऊन राहिलेलं असतं. म्हणून म्हणते, मासिकातली ती जुनी गोष्ट आधी शोधून वाच, कादंबरी मग हातात घे.

लेफानू १८७३ मध्ये गेला. त्याच्या कितीतरी गोष्टी निनावी छापलेल्या होत्या, त्या मासिकांच्या बांधीव खंडांत तशाच पडून राहिल्या. कागद शाबूत होता, पण त्या कुणाच्या हे माहीत असणारे कमी कमी होत गेले. एम. आर. जेम्सने ती मासिकं चाळून गोष्टी वेचल्या आणि १९२३ मध्ये 'मॅडम क्राउल्स घोस्ट' हा संग्रह काढला. संग्रहाला जिचं नाव दिलंय ती गोष्ट १८७० सालच्या 'ऑल द इयर राउंड' या साप्ताहिकातली. मधे पन्नासेक वर्षं गेली होती. जेम्स स्वतः भुताच्या गोष्टी लिहिणारा, आणि तरी त्याने दुसऱ्याच्या गोष्टींसाठी एवढा वेळ दिला, याबद्दल मला त्याचा मनापासून आदर वाटतो.

आता कागदाचं. एकोणिसाव्या शतकाच्या सुरुवातीचा, चिंध्यांपासून बनवलेला कागद आजही लवचिक असतो. शेवटच्या दशकांतला लाकडाच्या लगद्याचा कागद तो बनवताना घातलेल्या तुरटी-राळेच्या आम्लाने तपकिरी पडतो, पान उलटताना कडेचा भुगा बोटांना लागतो. असा खंड हाती आला तर पान कोपऱ्यातून ओढू नकोस, खालून तळहात देऊन उचल. आणि स्कॅनरच्या काचेवर तो दाबून सपाट तर मुळीच करू नकोस.

तुझ्या मजकुरात 'अँड'च्या जागी चार ठिकाणी 'ॲरिड' पडलंय. स्कॅनवरून मजकूर उचलताना यंत्र असं हमखास करतं, कारण 'एन'च्या दोन उभ्या रेघा फुटल्या की त्याला तिथे 'आर' आणि 'आय' दिसतात. उलट 'आर' आणि 'एन' चिकटून 'एम' दिसला की 'टॉर्न'चं 'टॉम'ही होतं. हे सगळे खरेखुरे शब्द, त्यामुळे शुद्धलेखन तपासणीला सापडत नाहीत. एकाने मोठ्याने वाचायचं आणि दुसऱ्याने छापील पानावर बोट ठेवून बघायचं, याला पर्याय नाही. घरात कुणी नसेल तर मला फोन कर, रविवारी सकाळी मी वाचते आणि तू बघ.

त्या काळची स्पेलिंगं मात्र सुधारू नकोस. स्वल्पविरामही जिथे आहे तिथेच राहू दे.

रविवारच्या आत पहिल्या दोन पानांची मासिकातली आणि संग्रहातली अशी दोन्ही रूपं शेजारी शेजारी लावून पाठव.

तुझी,
मॅडम