प्रायोगिक पर्कशन आणि अँबियंट म्युझिकवर पोट भरतं का?

तुम्ही विचारलंय की तबल्याच्या परीक्षा झाल्या, आता वेगळं काहीतरी, अँबियंट (म्हणजे संथ, वातावरण तयार करणारं संगीत) वगैरे करायचंय, तर यात करिअर आहे का. मी सोलापुरात हलगी आणि तबला वाजवतो, रात्री लॅपटॉपवर हेच उद्योग करत बसतो, म्हणून सांगतो. पोट भरतं, पण अल्बम विकून नाही.

मिदोरी ताकादाचं बघा. जपानी बाई, जन्म १९५१ चा. शिकली पाश्चात्य ऑर्केस्ट्रातलं पर्कशन, म्हणजे ठोकून-बडवून वाजवायची वाद्यं, पण त्यात मन रमेना म्हणून आफ्रिकेतल्या, आशियातल्या तालांकडं वळली. १९८१ मध्ये तिच्या ग्रुपचा अल्बम आला 'म्क्वाजू', स्वाहिलीत त्याचा अर्थ चिंचेचं झाड (हे कळल्यापासून ती मला उगाचच आपल्यातली वाटते). मग १९८३ ला 'थ्रू द लुकिंग ग्लास', दोन दिवसांत रेकॉर्ड केलेला, मरिंबा (लाकडी पट्ट्यांचं वाद्य), गाँग, हार्मोनियम, अगदी कोकाकोलाची बाटलीपण, सगळं एकटीनं वाजवून थरावर थर चढवलेले. तेव्हा फारसं कुणी विचारलं नाही. पुढं यूट्यूब तो अल्बम आपोआप लोकांना दाखवायला लागलं आणि २०१७ मध्ये रेकॉर्ड परत निघाली. म्हणजे ३४ वर्षं! तोवर ती काय वाट बघत बसली नव्हती, तादाशी सुझुकी या जपानी दिग्दर्शकाच्या नाटकांना संगीत देत होती. तुमचंपण असंच होणार, नाटक, शॉर्टफिल्म, क्लासेस, आणि लग्नाच्या ऑर्डरी सोडू नका. शॉर्टफिल्मवाल्याकडून अर्धे पैसे आधी घ्या, माझे एकाकडं अजून अडकलेत.

माझे कान मात्र उघडले मामाच्या कारखान्यात, टॉवेलच्या मागांवर. शेजारशेजारचे दोन माग एकदम चालू केले तरी चाल सेम राहत नाही, एक जरासा पुढं सरकतो, मग याच्या दोन खटक्यांमध्ये त्याचा खटका घुसतो, तिथं तिसराच ताल ऐकू यायला लागतो जो कुणीच वाजवत नाहीये, आणि बऱ्याच वेळानं दोघं परत एकत्र येतात. लहानपणी त्यानं डोकं उठायचं. नंतर कळलं की स्टीव्ह राईश या अमेरिकन संगीतकारानं १९६५ मध्ये दोन टेप मशीनवर हाच खेळ केला होता, १९७० ला घानात जाऊन ढोल शिकला आणि १९७१ मध्ये 'ड्रमिंग' लिहिलं. आपल्याकडं हे फुकट चालू होतं की!

रेकॉर्डिंगला महागडा माईक लागत नाही सुरुवातीला. फोन मागापासून लांब, पोत्यावर ठेवा, नाहीतर आवाज फाटतो. हलगी आधी नीट शेकून घ्या, पावसाळ्यात तर दर थोड्या वेळानं.

सध्या त्या दोन मागांवरच वीस मिनिटांचा ट्रॅक करतोय. मामाला ऐकवला तर म्हणाला, याला हेडफोन कशाला, उद्या सकाळपाळीला ये.