अपील प्रलंबित असले तरी वाढीव मोबदल्याची दरखास्त थांबत नाही

प्रश्न : रायगड जिल्ह्यातील आमची वडिलोपार्जित शेतजमीन १८९४ च्या भूसंपादन कायद्याखाली रस्त्यासाठी घेतली गेली. दिवाणी न्यायालयाने २०१७ मध्ये मोबदला वाढवून दिला. शासनाने मुंबई उच्च न्यायालयात अपील केले. त्यातील स्थगितीच्या अर्जावर अद्याप आदेश नाही. तरीही आमची दरखास्त (निकालाच्या अंमलबजावणीचा अर्ज) ‘अपील प्रलंबित’ म्हणून पुढच्या तारखांना ढकलली जाते. २०२३ मध्ये वडील वारले. आई ७८ वर्षांची आहे. काय करावे?
– एक वाचक, भांडुप

उत्तर : आपल्या दरखास्तीच्या रोजनाम्यात, म्हणजे तारीखवार कामकाजाच्या नोंदीत, वारंवार नोंदले जाणारे कारण कायद्याला मान्य नाही. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ४१, नियम ५ नुसार केवळ अपील दाखल केल्याने हुकूमनाम्याच्या (न्यायालयाच्या अंतिम निर्णयाच्या) अंमलबजावणीला स्थगिती मिळत नाही. त्यासाठी वरिष्ठ न्यायालयाचा तसा आदेश लागतो आणि तो आपल्या प्रकरणात झालेलाच नाही.

मात्र सर्वांत आधी वारसांची नावे दाखल करून घ्या. दरखास्तदाराच्या मृत्यूने दरखास्त आपोआप संपुष्टात येत नाही, तरी वारस अभिलेखावर आल्याशिवाय पुढचा कोणताही अर्ज ऐकला जाणार नाही. अर्जात आई, भाऊ आणि विवाहित बहिणी यांच्यासह सर्व वारसांची नावे द्या. बहिणींची नावे गाळली गेली, की रक्कम न्यायालयात जमा होऊनही वाटपाच्या वादात वर्षानुवर्षे अडकते, आणि तो विलंब मग शासनाच्या माथी मारता येत नाही. वडिलांच्या निधनाची माहिती उच्च न्यायालयातील अपिलातही आपल्या वकिलांनी लेखी द्यावी.

त्यानंतर दरखास्तीत लेखी अर्ज करून, अपिलाच्या सद्यःस्थितीची प्रत जोडून, स्थगिती नसल्याचे न्यायालयाच्या निदर्शनास आणावे. सर्वोच्च न्यायालयाने राहुल शहा प्रकरणात २०२१ मध्ये असे निर्देश दिले आहेत, की दरखास्त दाखल झाल्यापासून सहा महिन्यांत निकाली काढावी आणि त्याहून वेळ लागल्यास कारणे लेखी नोंदवावीत. मार्च २०२५ मधील पेरियाम्मल निकालात याच मुदतीवर भर देऊन देशभरातील प्रलंबित दरखास्तींची माहिती मागवली गेली. ती संख्या ८ लाख ८० हजारांहून अधिक निघाली आणि त्यांत सर्वाधिक दरखास्ती महाराष्ट्रातील होत्या. तेव्हा हा अन्याय आपल्या एकट्याचा नाही. एवढे करूनही तारखाच पडत राहिल्या, तर राज्यघटनेच्या अनुच्छेद २२७ खाली, म्हणजे कनिष्ठ न्यायालयांवरील देखरेखीच्या अधिकारात, उच्च न्यायालयात जाऊन दरखास्त ठरावीक मुदतीत निकाली काढण्याचे निर्देश मागता येतात.

येणे रकमेच्या हिशेबाचा तक्ता नव्याने करून घ्या. जुन्या कायद्याच्या कलम २८ खाली न्यायालय वाढीव रकमेवर ताबा घेतल्यापासून पहिल्या वर्षासाठी ९ टक्के आणि त्यानंतर रक्कम न्यायालयात भरली जाईपर्यंत १५ टक्के व्याज देते. १० लाख रुपयांवर हे वर्षाला दीड लाख होतात. सुंदर प्रकरणातील २००१ च्या निकालानुसार ३० टक्के दिलासा रकमेवरही (जमीन सक्तीने घेतल्याबद्दल मिळणाऱ्या जादा रकमेवरही) व्याज मिळते, पण हे सरळ व्याज असल्याने व्याजावर व्याज धरू नये. फुगवलेल्या तक्त्यामुळे हरकतीला निमित्त मिळते आणि आणखी एक वर्ष जाते. व्याज चालू आहे म्हणून विलंबाने नुकसान होत नाही, असा युक्तिवाद शासनाकडून होतो, तो मला मुळीच पटत नाही. ज्यांची जमीन गेली, त्यांच्या हयातीत पैसे मिळाले नाहीत, ही हानी कोणत्याही दराने भरून निघत नाही.

शासनाने स्थगितीसाठी आग्रह धरला, तर संपूर्ण रक्कम व्याजासह न्यायालयात भरण्याची अट घालावी, अशी मागणी करा. सरकार आहे म्हणून अशा अटीतून आपोआप सूट मिळते, हे म्हणणे सर्वोच्च न्यायालयाने २०१९ मध्ये पाम डेव्हलपमेंट्स प्रकरणात, लवादाच्या निवाड्यासंदर्भात का होईना, फेटाळले आहे. रक्कम जमा होताच ती काढण्याचा अर्ज विनाविलंब द्या, कारण भरलेल्या रकमेवर कलम २८ चे व्याज तेथेच थांबते. बँक हमीची अट घातली जाण्याची शक्यता असते. ती आपल्याला झेपणारी नसेल तर किमान काही भाग केवळ हमीपत्रावर द्यावा, अशी विनंती करता येते. आईंच्या वयाचा दाखला या अर्जाला जोडा आणि त्याच आधारे अपिलाच्या प्राधान्याने सुनावणीसाठी स्वतंत्र अर्जही उच्च न्यायालयात द्या.