चतुरस्त्र नव्हे, चतुरस्र

विचारणा अशी आहे: जोहान्सबर्गचा विल्यम केंट्रिज चित्रं काढतो, ऑपेरा बसवतो, फिल्मही करतो. अशा माणसाला 'चतुरस्त्र कलावंत' म्हणावं की 'बहुआयामी'?

आधी त्यातला 'त' काढा. कोल्हापुरात सत्काराच्या फ्लेक्सवर, निमंत्रणपत्रिकेत, निवेदकाच्या तोंडी, सगळीकडं 'चतुरस्त्र'. त्याचा अर्थ चार अस्त्रंवाला. 'सहस्र'चं 'सहस्त्र' आणि 'स्रोत'चं 'स्त्रोत' करणारी हीच खोड. 'आता रूढ झालंय, चालवून घ्या' असं सांगणाऱ्या भाषातज्ज्ञांशी माझं अजिबात पटत नाही. 'चतुरस्र' झिजून 'चौरस' झाला, त्याबद्दल तक्रार नाही, कारण अर्थ शाबूत राहिला. 'चतुरस्त्र'मध्ये मूळ शब्दच मरतो.

अस्र म्हणजे कोन. चार कोन ज्याचे नीट, तो चतुरस्र. आपण 'चौरस आहार' म्हणतो तो कशाचीच उणीव नसलेला आहार. कालिदासानं 'कुमारसंभवा'त नवयौवनातल्या पार्वतीच्या देहाला 'चतुरस्रशोभि' म्हटलं तेही याच अर्थानं: कुठं कमी नाही, कुठं जास्त नाही.

पण खरी गंमत भरतमुनीच्या 'नाट्यशास्त्र' या ग्रंथात आहे. भरतानं नाट्यगृहाचे तीन आकार सांगितले: विकृष्ट (लांबट), चतुरस्र (चौरस) आणि त्र्यस्र (त्रिकोणी). यातलं चतुरस्र म्हणजे 32 हात लांब, 32 हात रुंद. म्हणजे हा शब्द रंगभूमीच्या घरातलाच. माझं ठाम मत आहे की कलावंताला तो चिकटला तो इथूनच. काही अभ्यासक म्हणतात, 'सुडौल' या अर्थावरून आला, नाट्यगृहाचा संबंध नाही. त्यांनी काव्यं वाचली, पण पडद्यामागं कधी गेले नाहीत. चित्राला चार कोन, नाटकाच्या पडद्याला चार, सिनेमाच्या पडद्याला चार. आमच्या बाबूराव पेंटरांनी नाटकांचे पडदे रंगवले, शिल्पं घडवली, कॅमेरा स्वतः तयार केला, 1918 मध्ये महाराष्ट्र फिल्म कंपनी काढली आणि 1920 मध्ये 'सैरंध्री' पडद्यावर आणला. सिनेमाची पोस्टरंही स्वतः रंगवली. रंगवलेल्या पडद्यावरून हलत्या पडद्यावर जाताना त्यांनी धंदा बदलला नाही, चौकट तीच ठेवली. त्यांना 'पेंटर' हे एकच नाव पुरलं.

केंट्रिजचंही तसंच. कोळशानं चित्र काढतो, एक फ्रेम टिपतो, थोडं पुसून बदलतो, पुन्हा टिपतो. पुसल्याचे करडे डाग कागदावर राहतात आणि फिल्ममध्ये दिसतात. यात चित्र कुठं संपलं आणि फिल्म कुठं सुरू झाली, हे वेगळं काढता येत नाही. 'बहुआयामी' म्हटलं की नुसती मोजदाद होते. हा शब्द इथं कामाचा नाही.

तेव्हा चतुरस्र लिहा. टाइप करताना स, हलन्त (पाय मोडायची खूण), र. एवढंच.