गोठ्यातलं पोळं आणि तुरीवरचे भुंगे

प्रश्न : गोठ्याच्या आढ्याला मधमाश्यांचं पोळं लागलं आहे, जाळून टाकू का? शिवाय तुरीच्या फुलांवर मोठे काळे भुंगे फिरतात, त्यांना कोणतं औषध मारावं? दोन्हींचे फोटो पाठवत आहे.

उत्तर : फोटो पाहिले. आढ्याला आहे ते मधमाश्यांचं पोळं नाही, गांधीलमाश्यांचं आहे. करड्या कागदासारखं, एका बारीक देठाला टांगलेलं, खालून घरं उघडी. मधमाशी पोळं मेणाचं बांधते. गांधीलमाशी वाळलेलं लाकूड खरवडते आणि चघळून त्याचा कागद करते; कुंपणाच्या जुन्या खांबाजवळ शांत उभं राहिलात तर ती करकर ऐकूही येते. माशीची कंबर बघा. गांधीलमाशीची दोऱ्याएवढी, अंग तुळतुळीत, उडताना पाय लोंबलेले. मधमाशी जाडसर, केसाळ. चरून परतताना तिच्या मागच्या पायांवर परागाचे गोळे दिसतात.

जाळू मात्र नका. एक तर गोठ्यात वैरण असते. दुसरं म्हणजे ही माशी पिकावरच्या अळ्या पकडते, त्यांचा लगदा करून पिल्लांना भरवते. पोळं जाण्यायेण्याच्या वाटेवर असेल तरच माहितगाराकडून अंधार पडल्यावर काढून घ्या.

आता तुरीचं. तुमच्या फोटोतल्या भुंग्याच्या पंखांवर जांभळट झाक आहे. वाळक्या लाकडाला किंवा बांबूला गोल भोक पाडून राहणारा हा भुंगा खरं तर मोठ्या आकाराची मधमाशीच आहे. तो फुलावर बसला की त्याच्या वजनानं खालची पाकळी दबते, पोटाला पराग माखतो आणि तोच पुढच्या फुलाला लागतो. त्याच्यावर औषध मारणं म्हणजे आपल्याच मजुराला हाकलणं. घोटाळा होतो तो नावामुळे. काळ्या पाठीवर तांबडे-नारिंगी पट्टे असलेल्या किड्यालाही आपण भुंगाच म्हणतो, आणि तो फुलं खरोखर कुरतडून खातो. तो दिसला तर हातमोजे घालून वेचा; त्याच्या अंगातला रस लागला की कातडीवर फोड येतात.

शेंगा पोखरणाऱ्या अळीसाठी फुलोऱ्यात फवारणी करावीच लागली, तर सूर्यास्तानंतर करा. तोवर बहुतेक माश्या घरी गेलेल्या असतात.

मधमाशी चावली तर काटा कातडीत राहतो, तो नखानं लगेच खरवडून काढा. गांधीलमाशीचा काटा अडकत नाही, म्हणून ती पुन्हा पुन्हा डसते. धाप लागली, ओठ किंवा घसा सुजला, तर घरगुती उपायांत वेळ न घालवता दवाखाना गाठा.

पुढच्या वेळी किड्याबरोबर त्याच्या घराचाही फोटो पाठवा. झुडपात तळहाताएवढं एकच पोळं असेल तर फुलोरी जातीची मधमाशी, झाडाच्या ढोलीत शेजारी शेजारी अनेक पोळी असतील तर सातेरी. उंच फांदीला सुपाहून मोठं एकच उघडं पोळं दिसलं तर ते आग्या मोहोळ. त्याचा फोटो नसला तरी चालेल.