जुनं ऑफिस २००७ कॉम्प्युटरवर टाकलं तर खरंच धोका आहे का?
हो, आहे, आणि अँटिव्हायरस असला तरी आहे. ऑफिस २००७ चा सपोर्ट १० ऑक्टोबर २०१७ ला संपला. त्यानंतर कळलेल्या बहुतेक त्रुटींना त्यात दुरुस्तीच नाही.

मॅक्रो, म्हणजे फाइलमध्येच असलेले छोटे प्रोग्रॅम, बंद ठेवले की झालं, असं बरेच जण धरून चालतात. पण २०१७ मध्ये इक्वेशन एडिटरमध्ये (गणिती सूत्रं लिहायच्या ऑफिसमधल्या साधनात) सापडलेल्या त्रुटीला मॅक्रो लागतच नव्हता. फॉन्टच्या नावासाठी राखलेल्या जागेत मावणार नाही इतका मजकूर कोंबायचा. फाइल उघडताच हल्लेखोराचा कोड चालू! मायक्रोसॉफ्टने जानेवारी २०१८ मध्ये तो एडिटरच काढून टाकला, पण जुन्या सीडीवरून टाकलेल्या प्रतीत तो पुन्हा येतो. शिवाय मेलने आलेली फाइल आधी बंदिस्त उघडणारा प्रोटेक्टेड व्ह्यू २०१० पासूनचा, २००७ मध्ये तो नाहीच.

फक्त जुन्या डॉक, एक्सएलएस फाइली उघडायच्या असतील तर लिब्रेऑफिस हे ऑफिससारखंच सॉफ्टवेअर घ्या, अधिकृत साइटवरूनच. मोफत आहे. २००७ शिवाय अडतच असेल तर ते व्हर्च्युअल मशीनमध्ये (कॉम्प्युटरच्या आत चालणाऱ्या वेगळ्या आभासी कॉम्प्युटरमध्ये) टाका, त्या मशीनचं नेटवर्क आणि शेअर्ड फोल्डर दोन्ही बंद ठेवा. क्रॅक केलेली प्रत मात्र तिथेही नको.