नुसतं वाचताना ई-रीडर तापतो, बॅटरी बदलू का?

तुमचं म्हणणं थोडक्यात असं: ई-रीडर तीन वर्षांचा आहे, गेल्या आठवड्यापासून साधं वाचतानाही पाठीमागे गरम लागतो, आणि पूर्वी तीन आठवडे पुरणारं चार्जिंग दोन दिवसांत संपतं. म्हणून नवी बॅटरी बसवावी असं तुमच्या मनात आहे. माझ्या मते एवढ्यात नको.

मात्र एक गोष्ट आधी बघून घ्या. कव्हर काढून रीडर सपाट टेबलावर ठेवा. तो डुगडुगतो का? स्क्रीनची कड एखाद्या बाजूने उचललेली दिसते का? तसं असेल तर बॅटरी फुगली आहे. रीडर बंद करा, चार्जिंगला लावू नका, दाबून बसवायचा प्रयत्न तर अजिबात करू नका, आणि सरळ सर्व्हिस सेंटरला न्या. मग पुढचं वाचायची तुम्हाला गरज नाही.

फुगवटा नसेल तर मुद्द्याकडे येऊ. ई-इंकच्या पडद्याला वीज लागते ती पान उलटताना. आतले काळे-पांढरे कण एकदा जागेवर बसले की ते बिनविजेचे तसेच राहतात. म्हणून तर रीडर झोपला तरी पडद्यावरचं चित्र जात नाही. म्हणजे तुम्ही एक पान दोन मिनिटं वाचत असाल, तर त्या दोन मिनिटांत यंत्राला जवळजवळ काहीच काम नसतं. पडद्यावर उजेड पाडणाऱ्या फ्रंटलाइटचे एलईडी थोडी वीज खातात, पण त्याने पाठ तापत नाही. फोन तापला तर मी फारसं लक्ष देत नाही. वाचताना ई-रीडर तापला तर आत कोणीतरी गुपचूप राबतंय असं धरून चालतो.

हा राबणारा बहुतेक वेळा इंडेक्सिंग असतो. नवीन पुस्तक टाकलं की रीडर त्यातला शब्द न् शब्द शोधासाठी नोंदवून ठेवतो. दोन-चार पुस्तकांचं काम पटकन उरकतं. एकदम दोनशे टाकली तर तास न् तास चालतं, आणि तेवढा वेळ गरम होणं ठीकच आहे. घोळ होतो तो एखादी फाइल सदोष असली की. रीडर तिच्यावर अडकतो, पुन्हा सुरुवात करतो, पुन्हा अडकतो. माझ्या बाबतीत नेमकं हेच झालं होतं. एका जाडजूड कोशाचं ई-रीडरला चालणाऱ्या फाइलमध्ये रूपांतर मी घाईघाईत केलं, फाइल उघडत होती म्हणून ठीक आहे असं समजलो, आणि पुढे महिनाभर बॅटरीला शिव्या घातल्या. नवी बॅटरी मागवायच्या बेतात होतो!

शोधायचं कसं? बऱ्याच किंडलवर (ॲमेझॉनच्या ई-रीडरवर) लायब्ररीच्या शोधपट्टीत काहीतरी निरर्थक अक्षरं टाकली की इंडेक्सिंग न झालेल्या पुस्तकांची वेगळी नोंद दिसते. तासाभराने पुन्हा बघा. तेच पुस्तक तिथेच असेल तर चोर सापडला. तुमच्या रीडरवर ही सोय नसेल तर तापायला लागण्याच्या सुमारास टाकलेली पुस्तकं आठवा. त्यातली निम्मी काढा, रिस्टार्ट करा, रात्रभर ठेवा. थंड राहिला तर दोषी काढलेल्या निम्म्यात आहे, नाही तर उरलेल्यात. असं निम्मं-निम्मं करत गेलात की फार फेऱ्या लागत नाहीत. सापडलेली फाइल कॅलिबरमध्ये (ई-पुस्तकं सांभाळायचा कॉम्प्युटरवरचा मोफत प्रोग्राम) नव्याने रूपांतरित करून घाला, बहुतेकदा तेवढ्यानं भागतं. रिस्टार्ट म्हणजे झोपवणं नव्हे, हे अनेकांच्या लक्षात येत नाही. किंडलवर सेटिंग्जच्या मेन्यूत रिस्टार्टचा पर्याय असतो, नाही तर पॉवर बटण सुमारे ४० सेकंद दाबून धरावं. इतर रीडरची पद्धत त्यांच्या माहितीपुस्तिकेत बघा.

दुसरा संशयित वायफाय. सिग्नल कमजोर असला किंवा सिंक (पुस्तकं आणि वाचलेलं पान ऑनलाइन खात्याशी जुळवणं) अर्धवट अडकलं की रीडर सारखा प्रयत्न करत राहतो. एअरप्लेन मोड लावून एक दिवस वाचा, लगेच कळेल.

चार्जिंगला असताना कोमट होणं मी दोष धरत नाही, आणि धातूची पाठ असेल तर ते हाताला जास्तच जाणवतं. पण फक्त पोर्टपाशी चटका बसत असेल तर केबल बदलून बघा, पोर्टमध्ये कचरा किंवा ओल आहे का तेही पाहा. जास्त वॅटच्या चार्जरला उगाच दोष देतात. चांगल्या चार्जरमधून रीडर स्वतःला हवा तेवढाच करंट घेतो. उशीखाली किंवा उन्हात ठेवून मात्र चार्ज करू नका. किंडलसाठी वापराची मर्यादा ० ते ३५ अंश सेल्सिअस दिलेली आहे, आणि काळं कव्हर उन्हात ही मर्यादा सहज ओलांडतं. तापलेला रीडर फ्रीजमध्ये ठेवायचा सल्ला कुणी दिला तर ऐकू नका, आत दव धरतं. कव्हर काढून सावलीत ठेवला तरी पुरतं.

बॅटरीचा नंबर या सगळ्यानंतर. तीन वर्षांत तिची क्षमता थोडी उतरली असणारच, पण ती उतरण हळूहळू येते, आठवड्याभरात नाही. वायफाय बंद, नवी पुस्तकं काढलेली, फॅक्टरी रीसेट करून झालेलं, आणि तरी नुसता पडून राहिलेला रीडर गरम लागतोय, अशी वेळ आली तरच ती बदला. रीसेटआधी तुमच्या खुणा आणि टिपणं कॉम्प्युटरवर उतरवून घ्या.

आज रात्री एअरप्लेन मोड लावून, रिस्टार्ट करून ठेवा. झोपताना बॅटरी किती टक्के होती आणि सकाळी किती आहे, हे दोन आकडे सांगा, मग पुढचं बघू.